भोपळ्याचं भूत आणि आजीचे घारगे

ऑक्टोबर संपत आला की सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तो निरोप येतोच. "३१ तारखेला संध्याकाळी ६ वाजता हॅलोविन. मुलांनी भुताचा वेश करून यावे. प्रत्येक घराने खाऊ तयार ठेवावा." तुम्ही बंगळुरूत असा, गुरुग्रामला, हैदराबादला किंवा पुण्यात, मोठ्या सोसायटीत राहत असाल तर हा निरोप तुमच्याही ओळखीचा असेल. मग घरात दोन प्रश्न सुरू होतात. मुलं विचारतात, "मी कोण होऊ?" आणि आपण विचारतो, "खाऊ काय ठेवू?"

दुसऱ्या प्रश्नाचं सोपं उत्तर म्हणजे चॉकलेटांची मोठी पिशवी. गेल्या वर्षी मीही तेच केलं होतं. आम्ही राहतो बंगळुरूत. मुलं वीस-पंचवीस घरं फिरून बादलीभर गोळ्या-चॉकलेटं घेऊन आली आणि पुढचे चार दिवस जेवणाच्या ताटाकडे कुणी नीट पाहिलं नाही. त्याहून वाईट म्हणजे, लिफ्टचं दार उघडताच कवटीचा मुखवटा घातलेला एक मोठा मुलगा आमच्या धाकटीसमोर आला. ती तेव्हा साडेतीन वर्षांची होती. त्याने मुद्दाम काही केलं नव्हतं, पण त्या रात्रीपासून तिला झोपताना दिवा लागायला लागला. आजही लागतो.

तीन ते पाच वर्षांच्या मुलांना मुखवट्यामागे ओळखीचा दादाच आहे हे सांगून कळतं, पण पटत नाही. खरं आणि खोटं यातली रेघ त्यांच्या मनात अजून पक्की झालेली नसते. म्हणून यंदा ठरवलं की भूत आधी स्वयंपाकघरात आणायचं. मुलांनी ते स्वतःच्या हातांनी करायचं आणि मग खाऊन टाकायचं. दसऱ्याच्या सुट्टीत आम्ही हा प्रयोग करून पाहिला. तो तुमच्यासाठी आज या सदरात.

आधी गोष्ट, मग भोपळा

पीठ मळायच्या आधी मुलांना या सणाची गोष्ट जरूर सांगा. हॅलोविनचं मूळ आयर्लंड आणि स्कॉटलंडकडचं आहे. तिथले जुने केल्टिक लोक सुगी संपून थंडी सुरू होण्याच्या सुमारास 'साविन' नावाचा सण पाळत. त्या रात्री मेलेल्यांचं जग आणि आपलं जग जवळ येतं अशी त्यांची समजूत होती. पुढे ख्रिस्ती धर्मात १ नोव्हेंबर हा सर्व संतांचा दिवस ठरला, आणि त्याची आदली संध्याकाळ म्हणजे हॅलोविन. दुसऱ्या दिवशी, २ नोव्हेंबरला, गेलेल्या माणसांची आठवण काढतात. गोव्यात आणि वसईत ख्रिस्ती कुटुंबं त्या दिवशी दफनभूमीत जाऊन मेणबत्त्या लावतात, फुलं वाहतात.

मग यात भोपळा कुठून आला? आयर्लंडमध्ये लोक सलगम कोरून त्याला भयानक चेहरा करत आणि आत दिवा ठेवत. वाईट शक्ती दारातूनच परत जाव्यात म्हणून. एकोणिसाव्या शतकात आयरिश लोक मोठ्या संख्येने अमेरिकेत गेले. तिथे त्यांना भोपळा मिळाला. सलगमपेक्षा मोठा आणि कोरायला कितीतरी सोपा. तेव्हापासून भोपळाच या सणाची खूण झाला. आपला लाल भोपळाही मुळात अमेरिका खंडातलाच. कोलंबसानंतरच्या काळात तो जगभर पसरला आणि आपल्या स्वयंपाकघरात असा रुळला की आज त्याला कुणी परका म्हणणार नाही.

ही गोष्ट सांगत होते तेव्हा आमच्या सासूबाई शेजारी बसून भोपळा किसत होत्या. त्या म्हणाल्या, "म्हणजे इथे नव्या बिल्डिंगवर कोहळा टांगतात तसंच की!" अगदी खरं. बंगळुरूत बांधकाम चालू असलेल्या इमारतीवर राक्षसाचा चेहरा रंगवलेला कोहळा टांगलेला दिसतो, दृष्ट लागू नये म्हणून. कोकणात आणि गोव्यात नरक चतुर्दशीला अभ्यंगस्नानानंतर पायाने कारीट फोडतात. ते कडू, इवलंसं फळ म्हणजे नरकासुर. बंगालमध्ये दिवाळीच्या आदल्या दिवशी भूत चतुर्दशी असते. त्या रात्री घरात १४ दिवे लावतात आणि १४ प्रकारच्या पालेभाज्या एकत्र करून खातात. भुताच्या दिवशी पालेभाजी! आमच्या थोरल्याला हे फारच अन्यायाचं वाटलं.

मुलांना एवढं कळलं तरी पुरे, की अंधाराची भीती सगळ्यांनाच वाटते आणि माणसं फार पूर्वीपासून तिला चेहरा देत, दिवा लावत, तिची थोडी गंमत करत आली आहेत.

भोपळा निवडताना

लाल भोपळा अख्खा घ्यायची गरज नाही, फोड घ्या. म्हणजे आतला रंग दिसतो. गर गडद केशरी, घट्ट आणि कोरडा असावा. फिकट, पाणीदार भोपळा घेतला तर पीठ फार लागतं आणि चव उतरते.

महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्यांसाठी एक सूचना. दिल्लीकडे भाजीवाले लाल भोपळ्याला 'सीताफल' म्हणतात. त्यामुळे सीताफळ मागितलं आणि पिशवीत भोपळा आला तर गोंधळू नका. बाकी हिंदी मुलखात 'कद्दू', बंगालमध्ये 'कुमडो', तेलुगूत 'गुम्मडिकाय' आणि आमच्याकडे कन्नडमध्ये 'कुंबळकाई'. नुसतं कुंबळकाई म्हटलं तर कोहळाही मिळू शकतो, म्हणून 'सिहि कुंबळकाई' म्हणजे गोड भोपळा असं मागायचं.

भुताचे घारगे

घारगे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या होतात. भोपळा, गूळ आणि कणीक, एवढाच मामला. एरवी ते तळतात. आपण ते तव्यावर भाजणार आहोत. तेल वाचतं हे एक, आणि मुलांना गरम तेलाच्या कढईजवळ उभं करायची वेळ येत नाही हे दुसरं.

साहित्य (१५-१६ घारग्यांसाठी, वाटी साधारण १५० मिलीची):

- लाल भोपळ्याचा कीस २ वाट्या (साल आणि बिया काढून साधारण पाव किलो)
- चिरलेला गूळ पाऊण वाटी
- कणीक २ ते अडीच वाट्या
- तांदळाचं पीठ २ मोठे चमचे
- तूप १ चमचा, शिवाय भाजायला थोडं
- वेलची आणि जायफळाची पूड, मिळून पाव चमचा
- चिमूटभर मीठ

कृती:

१. जाड बुडाच्या कढईत चमचाभर तूप घालून भोपळ्याचा कीस परता. झाकण ठेवून मंद आचेवर ५-७ मिनिटं शिजवा. पाणी घालू नका, भोपळ्यालाच पाणी सुटतं.

२. कीस मऊ झाला की गूळ आणि मीठ घाला. गूळ विरघळून मिश्रण जरा आटलं की गॅस बंद करा. वेलची-जायफळ घाला आणि पूर्ण गार होऊ द्या. इथे घाई केली तर कणीक चिकट होते आणि मुलांचे हातही पोळतात.

३. गार मिश्रणात तांदळाचं पीठ आणि मावेल तेवढीच कणीक घालून घट्ट गोळा मळा. पुरीच्या कणकेसारखा घट्ट हवा. पाण्याचा थेंबही लागत नाही. झाकून १५ मिनिटं ठेवा.

४. मोठा गोळा घेऊन भाकरीएवढा जाड लाटा. वाटीने किंवा पेल्याने गोल कापा.

५. आता मुलांचं खरं काम. स्वच्छ धुतलेल्या पेनाच्या टोपणाने डोळ्यांची दोन भोकं पाडायची. छोट्या चमच्याची कड दाबून तोंड कापायचं. हसरं, रडवं, दात पडलेलं, ज्याला जसं हवं तसं. भोकं जरा मोठीच पाडायला सांगा, कारण बारीक भोकं भाजताना बुजतात.

६. तवा मध्यम तापवून आच मंद करा. घारगे दोन्ही बाजूंनी तीन-तीन मिनिटं भाजा. कडेने थोडं तूप सोडा. गुळामुळे ते पटकन काळे होतात, तेव्हा तव्यापासून हलू नका. डोळ्यांतून वाफ निघून जाते, त्यामुळे हे घारगे पुरीसारखे फुगणार नाहीत. बिघडलं असं वाटून घेऊ नका.

७. ताटात काढल्यावर डोक्यावर पुदिन्याचं एक पान खोचा. झाला देठासकट भोपळा.

डोळे आणि तोंड कापून निघालेले तुकडे परत मळून त्यांची पिल्लं करता येतात. आमच्याकडे पिल्लांवरूनच जास्त भांडण झालं.

ज्यांना गोड नको, त्यांनी गूळ वगळून कीस नुसता वाफवून घ्यावा. त्यात हळद, ओवा, तीळ, मीठ आणि झेपेल तेवढं तिखट घालून तीच कणीक मळावी. दह्याबरोबर हे तिखट भूत छान लागतं आणि आजी-आजोबांनाही चालतं.

भोपळ्याच्या बिया टाकू नका. धुऊन, फडक्यावर वाळवून, किंचित मीठ लावून मंद आचेवर कुरकुरीत भाजा. त्यात प्रथिनं, मॅग्नेशियम आणि जस्त चांगलं असतं. सोलत बसायला मोठ्या मुलांना मजा येते. लहानांना मात्र त्या देऊ नका, घशात अडकू शकतात.

कुणी काय करायचं?

मुलांबरोबर स्वयंपाक करायचा म्हणजे कामं आधीच वाटून ठेवावीत. नाहीतर पाच मिनिटांत "मला पण, मला पण" सुरू होतं.

दोन-तीन वर्षांचं मूल गार झालेलं मिश्रण हाताने कालवू शकतं, वाटीने पीठ घालू शकतं. चार-पाच वर्षांच्या मुलाला लाटणं, वाटीने कापणं आणि चेहरे करणं जमतं. सहा ते नऊ वर्षांची मुलं साहित्य मोजतात, गूळ चिरण्याऐवजी बत्त्याने फोडतात. दहाच्या पुढची मुलं मोठ्यांच्या नजरेखाली तव्यावर घारगे उलटू शकतात. भोपळा चिरणं आणि किसणं मात्र मोठ्यांनीच करावं. त्याची साल कडक असते, सुरी घसरते. अख्खा भोपळा कोरून कंदील करायचा हट्ट मुलांनी धरला तरी सुरी तुमच्याच हातात ठेवा.

सांडेल, पसरेल, पिठाचे हात पडद्याला लागतील. जमिनीवर जुनी चादर अंथरा आणि तासभर तिकडे पाहू नका.

दहा मिनिटांची दोन भुतं

नोकरीवरून यायला उशीर झाला आणि घारग्यांना वेळ नाही, तर ही दोन भुतं करा.

केळ्याचं भूत: केळं सोलून मधोमध आडवं कापा. कापलेली बाजू खाली ठेवून ताटात उभं करा. काळ्या मनुकेचे बारीक तुकडे करून डोळे आणि तोंड लावा. केळं काळं पडू नये म्हणून लिंबाचं बोट फिरवा.

संत्र्याचा भोपळा: संत्रं सोलून फोडी न सुटता अख्खं ठेवा. वर मधोमध काकडीचा उभा, हिरवा तुकडा खोचा. नागपुरी संत्र्यांचा आंबिया बहार याच सुमाराला बाजारात येऊ लागतो. सुरुवातीची फळं जरा आंबट असतात, तरी भोपळ्याचा वेश घेतलेलं संत्रं मुलं तक्रार न करता खातात.

थोडं खरं बोलू या

गूळ घातला म्हणजे पदार्थ आपोआप पौष्टिक झाला, असं आपण स्वतःला समजावतो. तसं नाही. शरीराच्या दृष्टीने गूळ ही साखरच आहे. जागतिक आरोग्य संघटनेचा सल्ला असा, की वरून घातलेल्या साखरेतून दिवसाच्या एकूण ऊर्जेच्या १० टक्क्यांहून कमी ऊर्जा मिळावी, आणि ५ टक्क्यांहून कमी असेल तर उत्तम. दिवसाला १३०० किलोकॅलरी खाणाऱ्या पाच वर्षांच्या मुलासाठी हा हिशेब अनुक्रमे ३२ ग्रॅम आणि १६ ग्रॅम होतो. आपल्या एका घारग्यात साधारण सहा ग्रॅम गूळ आहे. दोन घारगे खाल्ले तर बारा. म्हणजे दोन पुरेत. पण या दोन घारग्यांबरोबर भोपळा आणि कणीकही पोटात जाते, आणि भोपळ्यातलं बीटा कॅरोटीन शरीरात 'अ' जीवनसत्त्व होतं. गोळ्यांच्या बादलीत यातलं काही नसतं. दोन वर्षांखालच्या बाळाला गुळाचा घारगा नकोच. त्याला नुसता शिजवलेला भोपळा कुस्करून द्या.

आणखी चार गोष्टी लक्षात ठेवा.

- अख्खी द्राक्षं, शेंगदाणे, अख्खा सुकामेवा आणि पॉपकॉर्न चार-पाच वर्षांखालच्या मुलांना देऊ नका. श्वासनलिकेत अडकण्याचा धोका असतो. 'भुताचे डोळे' म्हणून द्राक्षं ठेवायचीच असतील तर उभी चिरून चार तुकडे करा.
- पदार्थ काळा दिसावा म्हणून हल्ली खाण्याचा कोळसा घालतात. मूल एखादं औषध घेत असेल तर तो औषध शोषू देत नाही. काळ्या रंगासाठी काळे तीळ, खजूर, काळी मनुका आहेतच.
- धूर निघणारं सरबत दिसायला भारी असतं, पण त्यातला ड्राय आइस उणे ७८ अंशांचा असतो. हाताला किंवा तोंडाला लागला तर गंभीर इजा होते. मुलांच्या कार्यक्रमात तो नकोच.
- दुसऱ्यांच्या मुलांना घरचा खाऊ देणार असाल तर डब्यावर त्यातले जिन्नस लिहून ठेवा. कणीक, तीळ किंवा दाणे कुणाला चालत नसतील.

अमेरिकेत यावर एक छान तोड निघाली आहे. तिथे २०१४ पासून काही घरं दारात निळसर-हिरवा रंगवलेला भोपळा ठेवतात. याचा अर्थ, अन्नाची ॲलर्जी असलेल्या मुलांसाठी इथे खाण्याखेरीज दुसरी भेट मिळेल. आपल्या सोसायटीतही हे सहज जमेल. दारात एका टोपलीत खाऊ आणि दुसरीत खोडरबर, स्टिकर, छोटे खडू. आम्ही यंदा तेच करणार आहोत.

आणि मग काय झालं?

तर दसऱ्याच्या सुट्टीतली ती दुपार. आमची धाकटी भोपळा खात नाही. भाजीत फोड दिसली की ती ताटाच्या कडेला सरकते. मुलं स्वयंपाकात हातभार लावतात तेव्हा नवी भाजी चाखून बघण्याची शक्यता वाढते, असं अभ्यासांत दिसलं आहे. नावडता पदार्थ आठ-दहा वेळा समोर आला की मग कुठे तो ओळखीचा वाटू लागतो, असंही म्हणतात. त्या दिवशी मी तिला "खा" असं एकदाही म्हटलं नाही.

तिने एक घारगा घेतला आणि बराच वेळ त्याला चेहरा करत बसली. डोळे फार मोठे झाले. तोंड तर कानापर्यंत गेलं.

"आजी, हे ते लिफ्टमधलं भूत आहे," ती म्हणाली.

आमच्या हातातली कामं थांबली. वर्षभरात तिने त्या लिफ्टचं नाव काढलं नव्हतं.

"असं होय? मग त्याचं काय करायचं गं?" आजीने विचारलं, जणू विशेष काही घडलंच नाही.

"भाजायचं."

आजीने तो घारगा तव्यावर टाकला. धाकटी लांबून, स्टुलावर बसून बघत राहिली. गार झाल्यावर तिने आधी एक डोळा खाल्ला, मग तोंड. अर्धा घारगा ताटात राहिला. तो थोरल्याने पळवला, यावरून मग रडारड झाली आणि आजीला दुसरा करावा लागला.

झोपताना दिवा त्या रात्रीही लागला. एका घारग्याने भीती जात नाही, आणि मुलांच्या भीतीला घाई करूही नये. पण आता ती त्या भुताबद्दल बोलते. "ते जळकं लागत होतं," असं सांगते. ज्या गोष्टीचं नाव काढलं जात नव्हतं तिला चव आली, हेच मला पुष्कळ वाटतं.

आणखी एक गोष्ट मी ठरवून केली नव्हती. बंगळुरूत वाढणाऱ्या माझ्या मुलांना 'घारगा' हा शब्द माहीत नव्हता. सासूबाईंना हॅलोविन माहीत नव्हतं, आणि "आपले सण थोडे आहेत का?" असं त्या दरवर्षी म्हणायच्या. त्या दुपारी मुलांनी चेहरे केले आणि आजीने घारगे. आता सासूबाई विचारतात, "तुमचं ते भुतांचं कधी आहे?" आणि मुलं शाळेत सांगतात, "आमच्या घरी भुताला घारगा म्हणतात."

तुमच्या घरी आजी असेल तर तिला या कामात जरूर घ्या. जवळ नसेल तर व्हिडिओ कॉल लावून फोन डब्याला टेकवून ठेवा आणि कणीक किती घट्ट हवी ते तिलाच विचारा. वाट्यांचं माप मी दिलं आहे, पण भोपळा पाणीदार निघाला तर ते माप चुकतं. तेव्हा "अजून थोडी घाल गं," असं सांगायला तीच लागते.